चूल, कर्ज आणि आई-बाप

(दृश्य: दापोली तालुका. पालगडकडे जाणारा रस्ता, दोन्ही बाजूंना जांभा दगडाचे गडगे.)

निवेदन:

ओटीवर सावकाराचा माणूस बसलाय. व्याज थकलंय, मुद्दल तर बाजूलाच. घरधनी विनवण्या करतोय, थोडे दिवस थांबा म्हणतोय. तर समोरून ऐकवलं जातं, पैसे नसतील तर घर विका, बायको विका. इतका वेळ आत असलेली घरची बाई हे ऐकते आणि तडक बाहेर येते. घरंदाज बायका परक्या पुरुषापुढे उभ्याही राहत नसत, त्या काळात ती त्या माणसाची चांगली खरडपट्टी काढते आणि ओटीवरून चालतं व्हायला सांगते.

हा प्रसंग 'श्यामची आई'तला आहे. रात्र बत्तिसावी. पुस्तक घरोघरी आहे, पण या रात्रीपर्यंत किती जण पोचतात, शंकाच आहे.

आपल्या लक्षात राहते ती सहावी रात्र. आंघोळ झाली, ओल्या तळव्यांना माती लागेल म्हणून श्याम हटून बसला, आईने धोंडीवर ओचे पसरले. पायाला घाण लागू नये म्हणून जपतोस, तसं मनालाही जप, असं ती म्हणाली. पाठ्यपुस्तकांनी हे उचललं, वक्त्यांनी उचललं, आणि 'श्यामची आई' म्हणजे संस्कारांचं पुस्तक हे ठरून गेलं. रुमाल काढायचा, डोळे पुसायचे, मुलाच्या हातात द्यायचं.

(दृश्य: नाशिक मध्यवर्ती कारागृहाची भिंत, बाहेरून.)

पांडुरंग सदाशिव साने यांनी हे पुस्तक नाशिकच्या तुरुंगात लिहायला घेतलं, 9 फेब्रुवारी 1933 रोजी. 13 तारखेच्या पहाटे हात थांबला, तेव्हा बहुतेक मजकूर कागदावर उतरला होता. दिवसा तुरुंगाचं काम आणि रात्री लेखन. आई यशोदाबाई 1917 मध्येच गेली होती. सोळा वर्षं मनात घोळत राहिलेलं पाच दिवसांत बाहेर पडलं. 1935 साली पुस्तक छापून आलं.

मांडणी साधी. आश्रमात रात्रीची प्रार्थना झाली की श्याम सोबत्यांना आईची एक आठवण सांगतो. अशा बेचाळीस रात्री. पूर्वार्धात आई शिकवते, उत्तरार्धात आई झिजते. आणि माझं स्पष्ट मत आहे की पुस्तक म्हणून उत्तरार्ध कितीतरी सरस आहे.

हे खोताचं, म्हणजे गावचा सारा वसूल करणारं घराणं. पण भाऊबंदकी झाली, कोर्टकचेऱ्या झाल्या, वाडवडिलांच्या घरातून बाहेर पडावं लागलं. माहेरच्या आश्रयाला राहणं आईच्या जिवाला लागतं. आपली झोपडी असली तरी चालेल, पण दुसऱ्याच्या दारी नको. त्यासाठी ती नथ आणि पाटल्या पुढे करते. मातीच्या भिंतींचं, गवताने शाकारलेलं घर उभं राहतं. मग कर्जाचा फास. तेल आहे तर मीठ नाही, अशी चूल. गावात दवंडी पिटून जप्ती पुकारली जाते. आजारी बाई दुसऱ्यांच्या घरी राबते. आणि ती जाते तेव्हा श्याम जवळ नसतो. शिकायला लांब गेलेला असतो, पोचतो तेव्हा राखच उरलेली.

वडील कुठे आहेत या सगळ्यात? आहेत. भाजीत मीठ पडलेलं नाही हे कळूनही, रांधणारीला वाईट वाटेल म्हणून मुकाट्याने जेवून उठणारे वडील आहेत. आई जेवायला बसते तेव्हा तिच्या लक्षात येतं. कर्जाच्या प्रकरणात मात्र या गृहस्थाची हतबलता लेखकाने लपवलेली नाही. दोषही दिलेला नाही. एवढं तोललेलं लिहिणाऱ्याला आपण नुसतं 'हळवा' म्हणतो, ही गंमतच आहे.

आचार्य अत्र्यांचा याच नावाचा चित्रपट 1953 मध्ये आला. सर्वोत्कृष्ट कथापटाचं पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक 1954 साली त्यालाच मिळालं. वनमाला यांची आई आणि माधव वझे यांचा श्याम लोकांच्या डोळ्यांसमोर असा काही बसला, की पुढे अनेकांना पुस्तक वाचायची गरजच वाटली नसावी.

जाता जाता एक जोड सांगायलाच हवी. नाशिकच्या आधी, 1932 मध्ये, साने गुरुजी धुळ्याच्या तुरुंगात होते. तिथे विनोबा दर रविवारी गीतेवर बोलत आणि ते शब्द उतरवून घेत होते साने गुरुजी. त्या विनोबांनी 'गीताई' लिहिली तीही आईपायीच. रुक्मिणीबाईंना संस्कृत गीता कळेना, मराठी हवी होती, आणि मुलाला त्या म्हणाल्या, तूच का करत नाहीस? 1918 मध्ये त्या गेल्या. 'गीताई' त्यानंतर बऱ्याच वर्षांनी झाली.

(दृश्य: बांबू चिरणारे हात. पातळ कांब, दुसरी कांब, टोपलीचा बूड.)

रत्नागिरी जिल्ह्यातच राहू. रत्नागिरीजवळचं फणसवळे. उर्मिला पवारांचं आत्मकथन 'आयदान', 2003.

आयदान म्हणजे बांबूची विणलेली भांडी: सुपं, टोपल्या, रोवळ्या. लेखिकेची आई दिवसभर हेच विणत बसे. वडील शिक्षक, लेखिका लहान असतानाच वारले. मुलांना शिकव, हे त्यांचं मागणं या बाईने विणून विणून पुरं केलं. विणलेलं सूप वरच्या आळीत पोचवायचं काम मुलीकडे. तिथे पायरीखाली उभं राहायचं. सुपावर पाणी शिंपडून मगच ते घरात घ्यायचे, आणि पैसे वरून हातावर टाकायचे. ज्यांच्या घरी हे सूप जाई, त्यांची गोष्ट आपण अनेक पिढ्या वाचली. सूप विणणारीची गोष्ट यायला एकविसावं शतक उजाडलं.

या आईच्या तोंडी सुभाषितं नाहीत. ती रागावते, चिडते, मुलीला कामाला जुंपते. पण एक प्रसंग असा आहे की तो वाचून मी पुस्तक मिटून काही वेळ बाजूला ठेवलं. शाळेत शेण काढायचं काम या मुलीच्या माथी. एकदा शेणावरूनच गुरुजींनी तिच्या थोबाडीत मारली, गाल सुजला. मुलगी रडत घरी. आई नेहमीप्रमाणे दारात विणत बसलेली. तिने चौकशी केली आणि पुन्हा विणायला लागली. मग तेच गुरुजी रस्त्याने जाताना दिसले, आणि तिने त्यांना भर रस्त्यात अडवून असं काही सुनावलं की त्यानंतर शाळेची भीती मुलीच्या मनातून उतरली. आई पाठीशी आहे, हे तिला त्या दिवशी कळलं.

पालगडची आई ओटीवर उभी राहते, फणसवळ्याची रस्त्यावर. दोघींमध्ये जातीची केवढी दरी आहे, हे विसरून त्यांना एका माळेत ओवणं मला पटत नाही. पालगडच्या घराची पत गेली, याचं दुःख पुस्तकभर आहे. फणसवळ्याच्या घराला पत मिळूच दिलेली नव्हती.

(दृश्य: तमाशाची राहुटी, दिवसाउजेडी. बाहेर वाळत घातलेल्या नऊवारी.)

आता एक पुस्तक, ज्यात आई सोडून जाते.

'कोल्हाट्याचं पोर', 1994. लेखक किशोर शांताबाई काळे. मधलं नाव आईचं, कारण बापाचं लावायची सोयच नव्हती. कोल्हाटी समाजात घर चालायचं ते नाचणाऱ्या मुलीच्या कमाईवर. बाप, भाऊ घरी बसून खाणार. मुलीचं लग्न झालं तर कमाई बंद, म्हणून लग्न होऊ द्यायचं नाही. करमाळा तालुक्यातल्या नेर्ले गावात आजोबांच्या घरी हा मुलगा वाढला. शांताबाई एका माणसाबरोबर सोनपेठला निघून गेल्या. त्याने आपल्याला सांभाळावं, या आशेवर. लेकरू मागे राहिलं.

एखादा दुसरा असता तर त्याने एकतर आईला शिव्या दिल्या असत्या किंवा देव्हाऱ्यात बसवलं असतं. किशोर काळे दोन्ही टाळतात. आईची आस आणि आईवरचा राग एकाच पानावर येतात, आणि कुठला खरा ते ते सांगत बसत नाहीत. त्याच आईला बैठकीत नाचवून तिच्या पैशांवर जगणारा आजोबाही त्यांनी तसाच उघडा ठेवलाय. मराठीत आईबद्दल इतकं निर्भय लेखन फारसं नाही. हा मुलगा पुढे मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात शिकून डॉक्टर झाला. 2007 मध्ये अपघातात त्यांचं निधन झालं.

(दृश्य: जुनी शाळकरी वही. आखीव पानं.)

आयांबद्दल लिहिणारी मराठीत उदंड. बापावर पुस्तक लिहावं, असं फार थोड्यांना वाटलं. डॉ. नरेंद्र जाधवांचं 'आमचा बाप आन् आम्ही' 1993 मध्ये आलं. हे, 'आयदान' आणि 'कोल्हाट्याचं पोर', तिन्ही 'ग्रंथाली'ने काढली, हा योगायोग म्हणता येणार नाही. अशी पुस्तकं लिहून घेणारी ती चळवळच होती.

दामोदर रुंजाजी जाधव. गाव नाशिकजवळचं ओझर. महारकीच्या, म्हणजे जातीमुळे वाट्याला आलेल्या गावकीच्या कामावर असताना विहिरीतल्या प्रेतावर पहारा द्यायला लावलं. फौजदार आला, म्हणाला, उतर आणि काढ. यांनी नकार दिला. मार खाल्ला. मग बायकोला, सोनूबाईंना घेऊन रातोरात मुंबईची वाट धरली. 1930 च्या काळाराम मंदिर सत्याग्रहातही हे होते. मुंबईत पडेल ते काम केलं आणि मुलं शिकवली.

निवृत्तीनंतर या माणसाला घरात बसवेना. धडधाकट वस्तू दुरुस्तीला काढायच्या, घरच्यांना भंडावून सोडायचं. मुलाने युक्ती काढली. दादा, तुम्ही तुमच्या आठवणी लिहा. जेमतेम लिहिता येणाऱ्या दादांनी वही घेतली आणि लिहायला बसले. जमेल तसं, बोलतात तसं. पुस्तकाचा पाया या वह्या आहेत.

म्हणून हे पुस्तक बाकीच्यांपेक्षा वेगळं वाटतं. इतर ठिकाणी मूल बोलतं आणि आई-बाप त्याच्या आठवणीत असतात. इथे बापाने स्वतः सांगितलंय. मुलाला त्याच्यापुढे हात जोडायला किंवा त्याचा निवाडा करायला फारशी जागाच उरत नाही. ओझर सोडलं त्या रात्री काय झालं, हे बाप सांगेल तेच खरं.

सोनूबाईही त्या रात्री सोबत चालत होत्या. त्यांना लिहिता येत नव्हतं. त्यांची बाजू मुलालाच लिहावी लागली.