बावरीचे सोळा शिष्य आणि आपला घाट

मंडळी, जय भीम, नमस्कार.

पत्रिकेवर विषय छापलाय, ‘त्रिपिटकातलं, म्हणजे बौद्धांच्या पाली ग्रंथसंग्रहातलं, सर्वांत जुनं कोणतं आणि ते ओळखायचं कसं’. त्याकडे मी येणारच आहे. पण चाळीसगावात उभं राहायचं आणि बावरीची गोष्ट सांगायची नाही, हे माझ्याच्यानं व्हायचं नाही.

त्रिपिटकात सुत्तनिपात नावाचा सुत्तांचा, म्हणजे बुद्धवचनांचा, एक संग्रह आहे. त्याचा शेवटचा भाग म्हणजे पारायनवग्ग, थोडक्यात पारायन. कोसलातला बावरी नावाचा ब्राह्मण दक्षिणेत येतो आणि अश्मकांच्या मुलखात गोदावरीकाठी आश्रम करून राहतो. मोठा यज्ञ करतो, असेल नसेल ते वाटून टाकतो. आणि नेमका तेव्हा दारात एक जण येऊन उभा. पाय सुजलेले, दात कळकट, डोक्यात धूळ. म्हणतो, पाचशे दे. बावरी म्हणतो, बाबा, काही उरलं नाही. तर शाप, सातव्या दिवशी तुझ्या डोक्याची सात शकलं होतील! बावरीचं अन्नपाणी सुटतं. तेव्हा एक देवता येऊन सांगते की, त्या माणसाला डोकं म्हणजे काय तेच ठाऊक नाही, ते जाणणारा बुद्ध आहे. मग बावरी आपल्या सोळा शिष्यांना बुद्धाकडे धाडतो. अजित, पुण्णक असे ते सोळा जण बुद्धाला एकेक प्रश्न विचारतात, आणि ते प्रश्न नि त्यांची उत्तरं म्हणजे पारायन.

आता वाट ऐका. पतिट्ठान, म्हणजे पैठण. मग माहिस्सती. मग उज्जेनी, गोनद्ध, वेदिसा, कोसंबी, साकेत, सावत्थी, कपिलवत्थु, कुसिनारा, वेसाली, आणि शेवटी मगधातलं पासाणक चैत्य. काही नावं मी गाळतोय. माहिस्सती म्हणजे महेश्वर की ओंकार मांधाता, यावर विद्वान अजून भांडतात. भांडू द्या, दोन्ही ठिकाणं नर्मदेवरच आहेत. गोदावरीवरून निघालेला माणूस पायी नर्मदेवर जातो, तर मधे काय लागतं? बरोबर बोललात, खानदेश! सातमाळा उतरायचा, तापी ओलांडायची, सातपुडा चढायचा. पैठण आणि माहिस्सती या दोन नावांच्या मधे आपला अख्खा मुलूख आहे, आणि गाथेत त्याला एक शब्दही नाही. जटा वाढवलेले, मृगाजिन पांघरलेले सोळा जण आपल्या शिवारातून गेले असतील, तर बांधावरच्या एखाद्या आजीनं विचारलंच असेल, “कथा चालनात रे भाऊ?” म्हणजे, कुठं चाललात रे भाऊ?

मी हे इतकं घोळवतोय, त्याला कारण आहे. मी पाली शिकायला लागलो तेव्हा एका विद्वानांनी मला सांगितलं होतं, “तुमच्याकडे लेणी आहेत, ती बघा. ग्रंथ हा उत्तरेचा आणि सिंहलद्वीपाचा विषय.” ते वाक्य मला अजून टोचतं. कारण आपणही ते मान्य करून बसलो आहोत. पाहुणा आला की त्याला अजिंठ्याला नेतो, चित्रं दाखवतो, जातकाची, म्हणजे बुद्धाच्या पूर्वजन्माची, गोष्ट गाईडकडून ऐकवतो आणि फर्दापूरला चहा पिऊन परत. ती गोष्ट ज्या वाङ्मयातून आली त्याचं एक पान घरात नसतं. मुलांना आपण काय सांगतो? “पाली घे, मार्क पडतात.” मुलगा गाईड पाठ करतो, मार्क पडतात, आणि एकही सुत्त सुरुवातीपासून शेवटपर्यंत न वाचता पाली संपते. मला याचं फार वाईट वाटतं. ज्या भाषेत बुद्धाचं बोलणं शेकडो वर्षं जपलं गेलं, ती आपण टक्केवारीपुरती ठेवली.

आणि ग्रंथ आपला नाही म्हणणाऱ्यांनी पितळखोऱ्याला जाऊन यावं. इथून जवळच आहे, घाटाच्या माथ्यावर. इसवी सनापूर्वीचं लेणं. तिथल्या खांबांवर दान देणाऱ्यांची नावं कोरली आहेत. एक मितदेव, गंधिकांच्या घरातला, राहणार पतिठान. म्हणजे सुगंधी मालाचा धंदा करणारं पैठणचं कुटुंब, आणि त्यांचा खांब आपल्या घाटात! पैठणहून माणसं, माल आणि दान याच वाटेनं येत होतं. गाथेतली पहिली मजल दगडात पाहायची असेल तर ती तिथे आहे.

पारायन गाणाऱ्या एका बाईचीही गोष्ट अंगुत्तरनिकायात, त्रिपिटकातल्याच दुसऱ्या एका सुत्तसंग्रहात, आहे. वेळुकंटकी नंदमाता, घरसंसारातली उपासिका. पहाटे, उजाडायच्या आधी उठते आणि पारायन मोठ्यानं, स्वरात म्हणते. उत्तरेचा राजा वेस्सवण, म्हणजे यक्षांचा राजा कुबेर, काही कामासाठी दक्षिणेकडे निघालेला असतो. तो आवाज ऐकून थांबतो आणि शेवटची गाथा होईपर्यंत जागचा हलत नाही. मग म्हणतो, “साधु भगिनी!” नंदमाता विचारते, तू कोण? आणि कळल्यावर म्हणते, मग मी आत्ता म्हटलं तेच तुझं आतिथ्य समज. केवढा आत्मविश्वास बाईचा! यक्षांचा राजा दारात, आणि ती त्याला गाथा वाढते. आसोद्याच्या बहिणाबाईंना लिहितावाचता येत नव्हतं. घरात नि शेतात सुचलेली त्यांची गाणी सोपानदेवांनी कागदावर उतरवली. त्यामुळे लिहिण्याआधी वाङ्मय असतं, हे खानदेशी माणसाला समजावून सांगावं लागू नये. त्रिपिटक लेखी उतरलं ते सिंहलद्वीपात, वट्टगामणी राजाच्या काळात, इसवी सनापूर्वी पहिल्या शतकात. तोवरची सगळी शतकं भाणकांनी, म्हणजे ते पाठ म्हणणाऱ्या भिक्खूंनी, ते मुखानं सांभाळलं. सुत्तात तेच तेच का येतं म्हणून कंटाळणारे लोक ते डोळ्यांनी वाचतात. ते म्हणायचं असतं.

अध्यक्षांची चिठ्ठी आली आहे, दहा मिनिटं उरलीत. तेव्हा मूळ विषय भरभर सांगतो.

जुनं ओळखायची पहिली खूण म्हणजे, इतर सुत्तं ज्याचा नाव घेऊन दाखला देतात ते त्यांच्याआधीचं. संयुत्त आणि अंगुत्तर या सुत्तसंग्रहांत ‘पारायनातल्या अजितप्रश्नात असं म्हटलं आहे’, ‘पुण्णकप्रश्नात असं म्हटलं आहे’ अशी वाक्यं येतात. म्हणजे ती सुत्तं रचली गेली तेव्हा हे प्रश्न लोकांना पाठ होते.

दुसरी, ज्यावर त्रिपिटकातच भाष्य आहे ते जुनं. त्रिपिटकातलाच निद्देस हा ग्रंथ सुत्तनिपातातले अट्ठकवग्ग, पारायनवग्ग आणि खग्गविसाण सुत्त एवढ्यांवरच भाष्य करतो. तिसरी, वेगळ्या परंपरांत जुळणारं. अजितप्रश्नाचा दाखला चिनी संयुक्त आगमातही, म्हणजे संयुत्ताच्या चिनी भावंडातही, सापडतो. छंद आणि जुनी रूपं ही चौथी खूण, पण त्याला फळा लागेल, आज सोडतो.

आता या खुणा बावरीच्या गोष्टीलाच लावा. निद्देस सोळा प्रश्नांवर भाष्य करतो, पण सुरुवातीच्या कथेवर, म्हणजे यज्ञ, शाप आणि वाट यांवर, काहीच करत नाही. म्हणजे प्रश्न जुने आणि वाटेची कथा नंतर जोडलेली. मला अत्यंत प्रिय असलेला भाग उत्तरकालीन आहे, आणि ते कबूल केल्याशिवाय अभ्यास होत नाही. पण ती जोडणाऱ्याला पैठण ते नर्मदा ही वाट माहीत होती. ती ज्याच्या पायाखालची होती असा कुणीतरी दख्खनी माणूस या ग्रंथाच्या घडणीत आहे, असं मी मानतो. हे माझं अनुमान आहे. खोडून काढायचं असेल त्यांनी अभ्यास करून काढावं, मला आनंदच होईल.

साधनं नाहीत असं म्हणू नका. पालीचे अभ्यासक पु. वि. बापटांनी १९२४ साली पुण्यात सुत्तनिपात देवनागरीत छापला, धर्मानंद कोसंबींनी त्याचा मराठी अनुवाद केला. धम्मपदापासून सगळेच सुरुवात करतात. खानदेशात ती पारायनवग्गापासून व्हावी. अजितचा पहिला प्रश्न आहे, ‘केनस्सु निवुतो लोको’, हे जग कशानं झाकलेलं आहे? उत्तर तिथेच आहे, अविद्येनं. पुढच्या रविवारी सकाळी याच खोलीत ती गाथा सगळ्यांनी मिळून म्हणू. वही आणा, आईला आणि आजीलाही घेऊन या. आता प्रश्न विचारा, पाच मिनिटं आहेत.