दोरा खुणेवर आला का?

(माळरान, सकाळची वेळ. दोन मुली काठ्यांचा एक सांगाडा उचलून चालल्यात.)

यांच्या हातात जे आहे त्याला ए-फ्रेम म्हणतात. दोन सारख्या लांबीच्या काठ्या वरच्या टोकाला बांधायच्या, मधे एक आडवी काठी टाकायची आणि वरनं दोऱ्याला दगड बांधून खाली सोडायचा, गवंड्याचा ओळंबा असतो ना, तसाच. बास, झालं यंत्र. एवढ्यावर आख्ख्या डोंगराला समपातळीत रेघ मारता येते, आणि आज आठवी-नववीची पोरं तेच करायला इथं आलीत. स्पर्धा आहे.

पर्यावरणाची स्पर्धा म्हटलं की आपल्याकडं काय असतं? चित्रकला, निबंध, नाहीतर घोषवाक्य. 'पाणी अडवा, पाणी जिरवा' हे तर पोरांना पाढ्यासारखं पाठ असतं. पण कुठं अडवायचं आणि जिरतं किती, असं विचारलं की सगळे एकमेकांच्या तोंडाकडं बघायला लागतात, मोठी माणसं पण. म्हणून या शिक्षकांनी यावेळी घोषवाक्याला मार्कच ठेवले नाहीत. जे मोजाल त्याला मार्क, आणि मोजायच्या आधी अंदाज लिहायचा. अंदाज चुकला तर मार्क कापायचे नाहीत, का चुकला ते सांगता आलं नाही तर कापायचे. मला सगळ्यात आवडलं ते हे.

(जवळून दृश्य: दोरा, दगड, आडव्या काठीवर खडूची खूण.)

आता नीट बघा, कारण ही पहिली फेरी आहे आणि निम्मे गट इथंच अडकतात. फ्रेम बांधली म्हणजे ती बरोबर झाली असं नसतं. आधी ती 'लावून' घ्यावी लागते. दोन्ही पाय जमिनीवर ठेवायचे, जिथं ठेवले तिथं खुणा करायच्या, दोरा आडव्या काठीवर जिथं टेकतो तिथं एक रेघ. मग फ्रेम उलटी फिरवायची, म्हणजे डावा पाय उजव्याच्या खुणेवर आणि उजवा डाव्याच्या, आणि दोरा आता जिथं आला तिथं दुसरी रेघ. या दोन रेघांच्या बरोब्बर मधोमध तिसरी. ती खरी खूण. दोरा तिच्यावर थांबला की दोन्ही पाय एका पातळीत. बरेच जण फ्रेम फिरवताना पाय खुणेवरनं सरकवतात आणि मग सगळंच चुकतं, शिवाय वारा असला की दगड हलत राहतो, म्हणून हा मुलगा शर्टाचा आडोसा करून उभा आहे बघा.

एकदा फ्रेम लागली की मग चालायचं. एक पाय जागेवर ठेवायचा, दुसरा वर-खाली सरकवत दोरा खुणेवर आणायचा, तिथं फक्कीचा ठिपका, मग मागचा पाय पुढं. ही फक्कीची रेघ सरळ जात नाही, डोंगराच्या अंगाअंगानं वळत जाते. पोरांना पहिल्यांदा वाटतं आपलं चुकलं. चुकलेलं नसतं, डोंगरच तसा असतो.

आणि एवढा आटापिटा कशाला? कारण या रेघेवर पुढं सलग समतल चर खणायचा असतो, म्हणजे उतारावरचं पाणी अडवून जिरवायला एकाच पातळीत खणलेली लांब नाली, तिला सगळे सीसीटीच म्हणतात. तो चर जर एका बाजूला उतरता खणला गेला तर पाणी त्या टोकाला पळतं, तिथं भराव फोडतं आणि जिथं माती वाचवायची तिथंच नवी घळ पडते. म्हणजे चुकीचा चर हा चर न खणण्यापेक्षा वाईट.

(शाळेचं मैदान. दोन्ही बाजूंनी कापलेले पत्र्याचे डबे मातीत ठोकलेत.)

दुसरी फेरी मातीची. डबा मातीत थोडा ठोकून बसवायचा, मापानं पाणी ओतायचं आणि घड्याळ लावायचं. एक डबा काळ्या रानात, एक मुरमाड जागेत, एक पायवाटेवर जिथं तुडवून तुडवून जमीन घट्ट झालीय. जवळजवळ सगळ्यांचा अंदाज होता की काळी माती पाणी सगळ्यात सावकाश पिणार. आणि पहिलं पाणी ओतलं तर काय, भेगांमधनं सुर्रकन गायब! आता या मुलीचा चेहरा बघा.

पण नियम असा होता की तीनदा ओतायचं. दुसऱ्यांदा पाणी रेंगाळलं, तिसऱ्यांदा तर हललंच नाही. काळी माती भिजली की फुगते, भेगा मिटतात आणि मग ती पाणी आत घ्यायचं जवळपास थांबवते. उन्हाळ्यात भेगाळलेलं रान पहिल्या पावसाचं पाणी पिऊन टाकतं आणि पुढं त्याच रानात पाणी तुंबतं, हे शेतकऱ्याच्या पोरांनी शंभरदा पाहिलेलं असतं, पण ते का होतं हे त्यांनी इथं डब्यात पाहिलं.

तीन बाटल्यांचा प्रयोगही होता. आडव्या कापलेल्या बाटल्या, एकीत उघडी माती, एकीत मातीवर पालापाचोळा, एकीत उगवलेलं गवत, आणि तिन्हींवर झारीनं सारखंच पाणी. खालच्या ग्लासांकडं बघा, बोलायची गरज नाही.

(फळा, खडू.)

तिसरी फेरी गणिताची, ही मी थोडक्यात सांगतो कारण फळ्याचं शूटिंग फारसं बरं आलेलं नाही. चराचं माप 60 सेंटीमीटर रुंद आणि 30 सेंटीमीटर खोल. म्हणजे एक मीटर लांबीत 180 लिटर पाणी मावतं. 10 हजार लिटरचा टँकर म्हणजे साधारण 56 मीटर चर, एकदा भरला तर. टँकरमागं हंडे घेऊन पळालेल्या पोरांना हे उदाहरण समजावून सांगावं लागत नाही. आणि एक हेक्टरवर एक मिलिमीटर पाऊस पडला की ते 10 हजार लिटर होतं, म्हणजे तोच टँकर.

स्पर्धेतनं शिकवायची ही आयडिया काही आभाळातनं पडलेली नाही. पानी फाउंडेशन या संस्थेनं 2016 साली वॉटर कप, म्हणजे गावागावांतली जलसंधारणाची स्पर्धा, घेतली तेव्हा त्यात तीन तालुके होते, अमरावतीतलं वरूड, बीडमधलं अंबाजोगाई आणि साताऱ्यातलं कोरेगाव, मिळून 116 गावं आणि 45 दिवस. पहिलं आलं ते कोरेगावमधलं वेळू. पुढच्या वर्षी तालुके वाढून 30 झाले. तिथंही आधी गावातल्या माणसांना ट्रेनिंग होतं, हातात फावडं नंतर. त्याच्याही आधी, 1972 च्या दुष्काळात विलासराव साळुंखे पुरंदरच्या नायगावात पोचले आणि तिथनं पाणी पंचायत, म्हणजे गावातलं पाणी सगळ्यांनी मिळून सारखं वाटून घ्यायची चळवळ, उभी राहिली. आपल्याकडं माळावर पाणी मोजणारी माणसं नव्हती असं नाही, शाळेत ती कधी आणली नाहीत एवढंच.

(परत माळरान. फक्कीच्या रेघेवर फावडी.)

खणायला मोठी पोरं आणि पालक, लहानांनी फक्त रेघ. माती चराच्या खालच्या अंगाला टाकायची, वरच्या नाही, हे एका आजोबांना त्यांची नात सांगतेय ते ऐका: "आबा, तिकडं नाही, खालती टाका, वरची माती परत चरातच येईल." आबांनी फावडं थांबवलं, एकदा चराकडं बघितलं, एकदा तिच्याकडं.

पुढं पाऊस झाला, चर भरले, दोन ठिकाणी भराव फुटला आणि तो पोरांनी दुरुस्त केला. तेव्हा आमचा कॅमेरा तिथं नव्हता.

बक्षीस पहिल्या तीन गटांना मिळालं, फोटो झाले, चहा झाला. हे दोघं शेवटच्या नंबरावर आले, त्यांची फ्रेम शेवटपर्यंत लागलीच नाही, मघाशी शर्टाचा आडोसा करणारा यातलाच एक. आता ते ती फ्रेम सायकलवर बांधून घरी नेतायत, चुलत्याच्या बांधावर लावून बघायला. काठ्या सायकलपेक्षा लांब आहेत, वळणावर बाभळीला अडकतात, उतरून सोडवतात, परत निघतात. दगड अजून दोऱ्याला तसाच लोंबतोय.