डॅब्स ग्रीअर: चेहरा बघितलेला, नाव माहीत नसलेलं

'द ग्रीन माइल' हा १९९९ चा सिनेमा बघितलाय ना? मग त्यातला म्हातारा पॉल एजकोम आठवा. तरुण पॉल झालेला टॉम हँक्स नाही, त्याच पॉलचं म्हातारपण, वृद्धाश्रमात राहणारा आणि सकाळी कोरडे टोस्ट मागून घेऊन एकटाच फिरायला निघणारा. आधी हँक्सलाच मेकअप करून म्हातारा दाखवायचं ठरत होतं, पण ते पटेना, मग रोल गेला ८२ वर्षांच्या डॅब्स ग्रीअर या अमेरिकन चरित्र अभिनेत्याकडे. आपल्यातल्या बहुतेकांनी हा माणूस पहिल्यांदा बघितला तो तिथेच, आणि तो त्याचा शेवटचा सिनेमा होता.

जन्म १९१७ चा, अमेरिकेतल्या मिसूरी राज्यातला. वडिलांचं औषधांचं दुकान, आई वक्तृत्व शिकवायची, 'डॅब्स' हे तिचं माहेरचं आडनाव. पुढे जवळच्याच पाइनव्हिल गावात 'जेसी जेम्स' सिनेमाचं शूटिंग आलं, गर्दीत उभं राहायला माणसं हवी होती आणि दिवसाला ५ डॉलर मिळत होते. मंदीतून गेलेल्या गावाला ते पैसे म्हणजे लॉटरीच! हा पण गेला. नंतर शाळेत नाटक शिकवलं, मग कॅलिफोर्नियात पॅसाडिना प्लेहाउस या नाट्यसंस्थेत १९४३ ते १९५० नोकरी केली, तिथेही शिकवणं होतंच.

आणि मग टीव्ही आला. दर आठवड्याला नवीन एपिसोड, शूटिंगला हातात दोन-तीन दिवस, आणि प्रत्येक गोष्टीला कोणीतरी दुकानदार लागतो, डॉक्टर लागतो, पाद्री लागतो. मुख्य हिरो ठरलेला असतो, पण हे बाकीचे सीनमध्ये येतात तेव्हा बघणाऱ्याला एका क्षणात पटायला हवं की हा माणूस इथे वर्षानुवर्षं राहतोय, त्याला ओळख करून द्यायला वेळच नसतो. ग्रीअरचं खरं कसब हेच, आणि माझ्या मते ते हिरोगिरीपेक्षा अवघड आहे.

१९५२ ला सुपरमॅनची टीव्ही सिरीयल सुरू झाली, तिच्या अगदी पहिल्या एपिसोडमध्ये एअरशिपच्या दोरीला एक माणूस लटकतोय, हात सुटतो आणि सुपरमॅन त्याला हवेत झेलतो. तो लटकणारा माणूस म्हणजे ग्रीअर! दुसऱ्या सीझनला तो परत आला, 'फाइव्ह मिनिट्स टू डूम'मध्ये, फाशीच्या कोठडीतला निर्दोष कैदी म्हणून. इथे मात्र त्याला खरंच काहीतरी करायला मिळालंय. मुलांसाठीची सिरीयल असूनही तो कुठे रडारड करत नाही, थकलेल्या आवाजात बोलतो, आणि त्यामुळेच पोटात कालवतं. पंचेचाळीसेक वर्षांनी 'ग्रीन माइल'मध्ये त्याच्या वाट्याला आला तो अशाच कोठड्यांवर पहारा दिलेला माणूस, हा योगायोग मला फार मोठा वाटतो.

मधल्या काळात कामाची नुसती रीघ. 'गनस्मोक' सिरीयलमध्ये दुकानदार मिस्टर जोनास, सिनेमांत १९५३ च्या 'हाउस ऑफ वॅक्स'मध्ये पोलीस सार्जंट, १९५६ च्या 'इन्व्हेजन ऑफ द बॉडी स्नॅचर्स'मध्ये पेट्रोल पंपवाला. आणि पाद्री होऊन लावलेली लग्नं तर विचारू नका, 'डिक व्हॅन डाइक शो' या सिरीयलमधल्या रॉब-लॉरा या जोडप्याचं यानेच लावलं आणि १९६९ ला 'ब्रेडी बंच' सिरीयलच्या पहिल्या एपिसोडमधलं पण यानेच. त्यामुळे १९७४ ला 'लिटल हाउस ऑन द प्रेअरी' सिरीयलमध्ये रेव्हरंड ऑल्डनचा रोल मिळाला त्यात नवल नाही, तो त्याने जवळपास दहा वर्षं केला. गावातला पाद्री म्हटलं की उपदेश करणारा माणूस डोळ्यासमोर येतो, पण याचा ऑल्डन आधी समोरच्याचं ऐकून घेतो, मगच बोलतो. १९९० च्या दशकात 'पिकेट फेन्सेस' सिरीयलमध्ये परत पाद्रीच!

२००० साली एका मुलाखतीत तो म्हणाला होता की प्रत्येक चरित्र अभिनेता आपापल्या छोट्याशा वर्तुळात हिरोच असतो. हे कोणी मनाच्या समाधानासाठी म्हणेल, पण याची कामं ओळीने बघितली की कळतं, त्याने खरंच तसं मानून काम केलंय, पंपवाल्याचंही.

एप्रिल २००७ मध्ये, वयाच्या ९० व्या वर्षी, पॅसाडिनातच तो गेला.

त्याचं काम बघायचं असेल तर सुरुवात 'फाइव्ह मिनिट्स टू डूम'पासून करा, अर्ध्या तासाचा एपिसोड आहे. सुपरमॅन भिंत फोडून आत येईल तेव्हा सगळे त्याच्याकडे बघतील, तुम्ही कैद्याकडे बघा.