पाय भिजत घालताना

नमस्कार श्रोतेहो.

रात्री झोपायच्या आधी माझी स्वयंपाकघरात एक फेरी असते. सकाळी उसळ करायची असली तर मटकी भिजत घालायची, एकादशी असली तर साबुदाणा, वडाभाताचा बेत असला तर डाळी. कडक जिन्नस पाण्यात राहिला की नरम येतो, हे खरं तर कोणाला शिकवावं लागत नाही. मी मात्र पस्तीस वर्षं असलंच काहीबाही शिकवत आले, शाळेत, गृहविज्ञानाच्या तासाला. दिवसभर फळ्यासमोर उभी, संध्याकाळी ओट्यासमोर उभी. आणि इतक्या वर्षांत एकदाही डोक्यात आलं नाही की मटकीच्या जोडीनं आपले पायही घालावे जरा भिजत.

आज त्याबद्दलच बोलते. स्वयंपाकघरातल्या डब्या-बरण्यांत जे असतं, ते पाण्यात घालून थकल्या अंगाला आराम कसा द्यायचा.

आता आपली अडचण अशी, की आपल्याकडे आंघोळ म्हणजे अंगावर पाणी घेणं. तांब्या भरायचा, ओतायचा, की झालं. पाण्यात बसून राहणं आपल्या न्हाणीत बसत नाही. इंग्रजी सिनेमात बाई फेसात गळ्यापर्यंत बुडालेली असते. तसा एक टब भरायला दीडशे-दोनशे लिटर पाणी लागतं. नागपुरात मे महिन्यात कोणी इतकं पाणी एकट्याच्या अंगासाठी भरलं तर खालच्या मजल्यावरचे भांडायला येतील, आणि त्यांचं चुकणार नाही. म्हणून मी बोलते आहे ती एक बादली, म्हणजे पंधरा-वीस लिटर, किंवा कपडे भिजवायचा टब, ज्यात घोट्याच्या वर येईल इतकं पाच-सहा लिटर पाणी. एवढ्यात भागतं.

माझं माहेर काटोलकडचं. पोळ्याच्या आदल्या दिवशी आमच्याकडे खांदशेकणी व्हायची. वर्षभर जू वाहून बैलाच्या मानेला घट्टे पडलेले असायचे. बाबा बैलाला धुऊन आणायचे, हळद आणि तूप कालवायचे आणि पळसाच्या पानानं खांदा हळूहळू चोळत शेकायचे. बैल डोळे मिटून घ्यायचा. मग बाबा त्याच्या कानाशी म्हणायचे, ‘आज आवतण घ्या, उद्या जेवायला या.’ मी बाजूला हळदीची वाटी धरून उभी. आई तेव्हा कुठं असायची? चुलीपुढं. उद्याच्या पुरणाची डाळ निवडत. तिच्या टाचांना भेगा इतक्या, की लुगड्याचे धागे त्यात अडकायचे. बैलाला निदान एक दिवस तरी मिळायचा.

असो. मिठापासून सुरुवात करू, कारण ते सगळ्यांकडे असतं.

कोमट पाणी, त्यात दोन-तीन चमचे जाडं मीठ, पाय आत, पंधरा मिनिटं. बरं वाटतं, नक्की वाटतं. पण मला प्रामाणिकपणे सांगायला हवं, की त्यातलं बरंचसं काम मीठ करत नाही, पाण्याची ऊब करते. ऊब लागली की कातडीतल्या रक्तवाहिन्या रुंदावतात, पोटरीचे स्नायू सैल पडतात. शिवाय पंधरा मिनिटं तुम्ही बसलेल्या असता, हाही मोठाच उपाय. औषधाच्या दुकानात एप्सम सॉल्ट म्हणून मिळतं, ते आपलं मीठ नव्हे, मॅग्नेशियम सल्फेट. इंग्लंडमधल्या एप्सम गावच्या झऱ्याच्या पाण्यातून ते पहिल्यांदा मिळालं, म्हणून ते नाव. त्यातलं मॅग्नेशियम कातडीतून आत शिरतं असं ठासून सांगतात, पण तसं नीट सिद्ध झालेलं नाही. आणि मिठाच्या पाण्यानं अंगातली घाण ओढून निघते, पाणी बघा कसं काळं झालं, असं कोणी सांगितलं तर पाय आधी घासून धुवा आणि मग पाण्यात घाला. अंगातली घाण काढायला मूत्रपिंडं आणि यकृत आहेत, ती बिचारी रात्रंदिवस तेच करतात.

टाचांना खोल भेगा असतील तर मीठ नकोच. झोंबतं, आणि आधीच कोरडी असलेली कातडी आणखी कोरडी होते. तिथं ओट्स घ्या.

हो, ओट्स. मला माहीत आहे, नागपुरात सकाळी तर्री-पोहे सोडून ओट्स कोण खातं? पण घरोघरी एक पाकीट असतंच. डॉक्टरांनी सांगितलं म्हणून आणलेलं, दोनदा खाल्लेलं, मग डब्याच्या मागं सरकलेलं. ते काढा. साधे ओट्स हवेत, मसाल्याचे नकोत; नाहीतर पायाला फोडणीचा वास येईल. मिक्सरच्या चटणीच्या भांड्यात घालून मैद्यासारखे बारीक करा. जमलं की नाही हे बघायची सोपी युक्ती: एक चमचा पीठ पेलाभर पाण्यात ढवळा. पाणी दुधासारखं झालं आणि पीठ लगेच तळाशी बसलं नाही, म्हणजे जमलं. बसलं तर आणखी फिरवा.

मग जुन्या मऊ धोतराच्या किंवा ओढणीच्या तुकड्यात तीन-चार चमचे पीठ बांधून पुरचुंडी करा आणि बादलीत सोडा. पाच मिनिटांनी ती हातात धरून दाबा. बोटांमधून पांढरं, गुळगुळीत, जरा चिकटसर पाणी येतं, जवसाच्या पाण्यासारखं. ती पुरचुंडी तशीच खाजऱ्या कातडीवर हळू टेकवत न्या. घासायचं नाही. साबण लावायचा नाही. हा गुळगुळीतपणा बीटा-ग्लुकन नावाच्या पदार्थाचा. तो कातडीवर पातळ थर धरून ओलावा उडू देत नाही, आणि ओट्समधली आणखी काही द्रव्यं खाज कमी करतात. हा नुसता आजीबाईचा बटवा नाही बरं. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनानं २००३ साली असं बारीक दळलेलं ओट्सचं पीठ त्वचेचं रक्षण करणाऱ्या औषधी द्रव्यांत धरलं.

ओट्स नसले तर तांदळाचं धुवण. आपल्या पूर्व विदर्भात, भंडारा-गोंदियाकडं, भाताशिवाय ताट पुरं होत नाही, तेव्हा धुवण काही विकत आणायचं नाही. दुसऱ्या पाण्याचं घ्या, पहिल्यात कोंडा आणि धूळ असते. वापरून झालं की मोगऱ्याला घाला. मिठाचं पाणी मात्र झाडाला घालू नका, मोगरा मान टाकेल.

पुरचुंडीचं इतकं का सांगते आहे, तर मी एकदा ती न बांधता केलं होतं. दिवाळीत बेसनाचं उटणं लावतो, मग बेसन पाण्यातच कालवलं तर काय बिघडलं, असा विचार केला आणि कडकडीत गरम बादलीत मूठभर बेसन लोटलं. गृहविज्ञानाची बाई मी! गरम पाण्यात बेसन घातलं की त्याचं पिठलं होतं, हे मला ठाऊक नव्हतं असं कोणत्या तोंडानं म्हणू? अंगावर गुठळ्या, आणि न्हाणीच्या जाळीत पिठल्याचा थर. मुलगा दाराबाहेरून विचारतो, ‘आई, आत काय करून राहिली तू?’ नळ दुरुस्तीवाल्याला काय सांगितलं ते तुम्हाला सांगत नाही.

दुसरी फजिती लिंबाची, आणि ती हसण्यावारी नेण्यासारखी नव्हती. एप्रिलचे दिवस. टबातल्या पाण्यात दोन लिंबं पिळली, सालीनं मनगटं, हात, सगळं चोळलं. ताजंतवानं वाटलं. तशीच गच्चीवर कुरड्या वाळत घालायला गेले, तासभर उन्हात. दुसऱ्या दिवशी मनगटावर लाल पट्टे, मग फोड, आणि फोड गेल्यावर तिथं तपकिरी डाग. जिथं जिथं साल फिरली होती, तिथं बरोबर तेवढेच ओघळ. मी आधी तेल उडालं असेल म्हणत राहिले. त्वचेच्या डॉक्टरांनी पहिलाच प्रश्न विचारला, लिंबू हाताळलं होतं का? आपल्या कागदी लिंबाच्या सालीत आणि रसात अशी काही द्रव्यं असतात, की ती कातडीवर असताना ऊन लागलं तर कातडी भाजून निघते. ते डाग पुसट व्हायला मला दिवाळी उजाडली. म्हणून नागपूरच्या उन्हात आंघोळीच्या पाण्यात लिंबू नको.

मग संत्रं? त्याशिवाय नागपूरच्या माणसाचं भाषण संपणार कसं. आंबिया बहाराची संत्री दिवाळीच्या आसपास येतात, मृगाची उन्हाळ्याच्या तोंडावर. साली फेकू नका. सावलीत, पंख्याखाली वाळवा; त्या कडक होऊन हातात मोडल्या की बरणीत भरा. चार-पाच तुकडे पुरचुंडीत बांधून गरम पाण्यात सोडले की न्हाणीभर कळमन्याच्या संत्रा बाजारासारखा वास सुटतो. हे वासापुरतंच, त्यापलीकडे मी काही सांगणार नाही. ताज्या सालीचं तेल नाजूक कातडीला चरचरतं, म्हणून वाळलेलीच घ्या, आणि आधी कोपराच्या आतल्या बाजूला ते पाणी लावून एक दिवस बघा. हळदीचं काही विचारू नका. चिमूटभर हळदीनं टॉवेल कायमचा पिवळा होतो आणि दोष बाईला लागतो.

उन्हाळ्याचं गणित वेगळं. पारा ४५ च्या पुढं गेला की गच्चीवरच्या टाकीचं पाणी दुपारी हाताला सोसवत नाही. तेव्हा पहाटेच्या गार पाण्याची बादली भरून आडोशाला ठेवायची आणि त्यात वाळ्याची जुडी सोडायची, तीच वाळ्याची मुळं जी आपण माठात टाकतो. पोरांना घामोळ्या आल्या तर ओट्सची पुरचुंडी याच पाण्यात. बर्फ नको. अंग पुसून कोरडं, सैल सुती कपडे, पंखा. आणि पळस! फाल्गुनात रामटेकच्या रस्त्यानं गेलात की पान एक नाही आणि झाड पेटल्यासारखं. खाली पडलेली फुलं गोळा करून रात्रभर पाण्यात ठेवायची, सकाळी पाणी केशरी होतं. होळीला रंग तोच, आणि त्याच पाण्यानं आजी आम्हा सगळ्यांना न्हाऊ घालायची, म्हणायची, वर्षभर ऊन बाधणार नाही. ऊन बाधायचं ते बाधायचंच. पण ती केशरी बादली मला अजून दिसते.

सोड्याचं एक सांगायचं राहिलं. खाज फार असेल तर बादलीत एक चमचा खाण्याचा सोडा चालतो, तोही कधीतरीच. आपली कातडी थोडी आम्लधर्मी असते आणि सोडा उलट्या स्वभावाचा, म्हणून रोज वापरला तर ती कोरडी पडते. आणि सोडा कोणता, ते डोळ्यांनी बघून घ्या. इतवारीत किराणा ओळीत मी नुसतं ‘भाऊ, सोडा द्या’ म्हटलं, तर तो भला माणूस म्हणाला, ‘कोणता मॅडम, भज्याचा का कपड्याचा?’ कपड्याचा सोडा अंगाला लावला तर कातडी जळते.

आता जे मी हसत सांगणार नाही ते. घरात कोणाला मधुमेह असेल, पायाची संवेदना कमी झाली असेल, तर गरम पाण्यात पाय घालायचे नाहीत. पाणी पोळतं आहे हे त्यांना कळतच नाही, फोड दिसल्यावर कळतं, आणि ती जखम महिनोन् महिने भरत नाही. त्यांच्यासाठी कोमट पाण्यानं पाय धुऊन पुसणं पुरे, बाकी डॉक्टरांना विचारून. उघडी जखम, चिघळलेली नखुर्डी असेल तरी नको. पाणी इतरांनीही तळहातानं बघू नका. वर्षानुवर्षं तव्यावरची पोळी उलटून आपले हात खोटं बोलायला शिकले आहेत. तान्ह्या बाळाच्या पाण्यात कोपर घालतो तसं कोपर घाला. अंगाच्या उष्णतेपेक्षा जरासंच जास्त, ४० अंशांच्या आत. पंधरा-वीस मिनिटांवर बसायचं नाही, बोटं सुरकुतली की बाहेर. तेल पाण्यात घालू नका, फरशी निसरडी होते आणि आमच्या वयात खुब्याचं हाड म्हणजे फार महागाचं प्रकरण. पाय टिपून कोरडे करायचे, बोटांच्या बेचक्यासुद्धा. मग कातडीत ओल आहे तोवर टाचांना तिळाचं नाहीतर खोबरेल तेल, आणि वरून मोजे.

आमच्याकडे भांड्यांना एक मावशी येतात. पाच घरं करतात. मागच्या डिसेंबरात, थंडी चांगलीच पडली होती, मी ओट्याजवळ खुर्ची टाकून टबात पाय घालून बसले होते. त्या दारातच थांबल्या. म्हणाल्या, ‘हे काय बाई, पायाची उसळ करून राहिल्या का?’ मी पाय बाहेर काढले, पुसले, गंजातल्या, म्हणजे पातेल्यातल्या, गरम पाण्यानं पाणी बदललं, नवी पुरचुंडी सोडली आणि म्हटलं, बसा. ‘नाही बाई, भांडे पडले ना.’ म्हटलं, भांडी कुठं पळून जात नाहीत. खुर्चीवर बसायला तयार होईनात, शेवटी पाट घेतला. पातळ पोटरीपर्यंत वर खोचलं, एक पाय घातला, मग दुसरा. कितीतरी वेळ काही बोलल्या नाहीत. मी आपली उगीच चहाचं आधण ठेवलं.

पाणी निवलं असेल म्हणून मी टॉवेल पुढं केला. त्यांनी पाय काही काढले नाहीत. म्हणाल्या, ‘बाई, गंजात गरम पाणी अजून आहे का थोडं?’