सालवनातला भुंगा आणि पहिला पाऊस

श्रोतेहो, नमस्कार. गोंदियाहून बालाघाट ओलांडून मैकल डोंगरात शिरलं, की सालवृक्षांचं राज्य सुरू होतं. 1996 ते 1998 या काळात मंडला, दिंडोरी, अमरकंटक या पट्ट्यात यातली लाखो झाडं उभ्या उभ्या वाळली.

कारण होतं खोड पोखरणारा, लांब मिशांचा एक भुंगा. शास्त्रीय नाव होप्लोसेरॅम्बिक्स. तो बाहेरून आलेला नाही. या जंगलात तो कायमच असतो, एरवी पडलेल्या आणि दुबळ्या झाडांवर भागवतो. निरोगी झाडात कोवळी अळी शिरली, तर झाड राळ सोडतं आणि अळी त्यातच गुदमरते. पण एकाच खोडात शेकडो अळ्या घुसल्या की राळ पुरी पडत नाही. दाटीत वाढलेली, जुनाट, दुष्काळानं खंगलेली झाडं आधी जातात. अळ्या सालीखालचा जिवंत थर खातात, मग गाभ्यात बोगदे काढतात. बुंध्याशी भुशाचा ढीग साचला आणि शेंडा तांबडा पडला, म्हणजे ते झाड बहुधा वाचत नाही. मग औषध फवारून काय होणार? अळी लाकडाच्या आत बसलेली!

भुंगा हाती लागतो तो पावसाळ्याच्या सुरुवातीलाच. जूनच्या जोरदार सरींनंतर तो खोडातून बाहेर पडतो आणि सालवृक्षाच्या ताज्या रसावर धावतो. म्हणून सापळाही सालाचाच. वेडंवाकडं, कमी मोलाचं झाड पाडायचं, दोन-तीन मीटरचे ओंडके करायचे. ओंडक्यांची टोकं कुऱ्हाडीच्या पाठीनं ठेचून साल सैल करायची, म्हणजे रस पाझरतो. वर पाला टाकायचा, नाहीतर उन्हानं रस सुकतो. रस पिऊन भुंगे सुस्तावतात. ते रोज हातानं वेचून मारायचे. तीन-चार दिवसांनी टोकाची चकती कापून पुन्हा ठेचायचं. आठ-दहा दिवसांत ओंडका निकामी होतो, तेव्हा नवं झाड घ्यायचं. मैकलमध्ये गावकऱ्यांना भुंग्यांच्या मुंडक्यांमागे मोबदला मिळत असे. हिशेबाची ही रीत मला तरी चोख वाटते.

घोटाळा होतो तो वेचणी चुकली की. मादी त्याच ओंडक्यात अंडी घालते आणि सापळ्याचा पाळणा होतो. म्हणून निकामी ओंडके सोलून, साल जाळून टाकावी लागते. हिवाळ्यात तोडलेला मालही पावसाआधी जंगलाबाहेर निघाला पाहिजे. ठेकेदाराची गाडी उशिरा आली, तर पुढच्या जूनमध्ये त्याच ओंडक्यांतून नवे भुंगे निघतात.