सतीश शाह : दुय्यम भूमिकांचा मानकरी

श्रोतेहो, नमस्कार. आज ज्या नटाविषयी मी बोलणार आहे, त्याची सर्वांत गाजलेली चित्रपटातली भूमिका उत्तरार्धात चक्क एका प्रेताची आहे.

1983 साली आलेल्या कुंदन शाह यांच्या ‘जाने भी दो यारो’मध्ये सतीश शाह यांनी लाचखोर आयुक्त डिमेलो उभा केला. हा डिमेलो मरतो, आणि त्यानंतर त्याच्या प्रेताची पळवापळवी सुरू होते. शेवटी महाभारताच्या नाट्यप्रयोगात त्याला साडी नेसवून द्रौपदी केले जाते, तेव्हा भोवती नसीरुद्दीन शाह, रवी बासवानी, ओम पुरी अशी मंडळी ओरडत आणि ओढाताण करत असतात. मधल्या माणसाने मात्र अंग सैल सोडायचे, तोल सांभाळायचा आणि स्वतःहून काहीही करायचे नाही. टाळ्या घेणाऱ्या शब्दफेकीपेक्षा हे काम मला कितीतरी अवघड वाटते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या या नटाने ते असे केले, की सगळ्या गोंधळात आपली नजर त्या निश्चल देहावरच खिळून राहते.

पुढच्याच वर्षी दूरदर्शनवर ‘ये जो है जिंदगी’ सुरू झाली. शफी इनामदार, स्वरूप संपत आणि राकेश बेदी यांचे घर ठरलेले होते. त्या घरात दर भागात नवा माणूस होऊन शिरायचे, हे सतीश शाह यांचे काम. नेहमीच्या पात्रांना प्रेक्षकांच्या ओळखीचा आधार असतो. यांना तो नव्हता. नवी चाल, नवा आवाज घेऊन पहिल्या दोन-चार वाक्यांतच हशा मिळवावा लागे, आणि पुढच्या भागात तो माणूस पुसून टाकून पुन्हा आरंभ करावा लागे.

मराठीत 1987च्या ‘गंमत जंमत’मध्ये ते इन्स्पेक्टर फुटाणे झाले. त्यानंतरच्या हिंदी चित्रपटांत त्यांच्या वाट्याला बहुधा चार-दोन प्रसंगच येत, आणि याची मला आजही खंत वाटते.

त्यांच्या ताकदीला पुरेशी जागा मिळाली ती 2004 साली, ‘साराभाई व्हर्सेस साराभाई’ या दूरचित्रवाणी मालिकेत. मुलगा रोसेश आईसमोर आपली कविता म्हणू लागतो, आणि कोचावर बसलेले त्याचे वडील इंद्रवदन, म्हणजे सतीश शाह, ती ऐकतात. 25 ऑक्टोबर 2025 रोजी सतीश शाह गेले, त्या रात्री मी हाच प्रसंग पुन्हा पाहिला. कविता संपण्याआधीच, त्यांचा ऐकणारा चेहरा पाहून मला हसू फुटले होते.