भिंतीचे वय

पडद्यावर दिसणारी ही भिंत काल दुपारपर्यंत इथे नव्हती. सोलापुरातल्या एका बंद कारखान्याच्या शेडमध्ये, लाकडी चौकटींवर प्लायवूड ठोकून आणि सांध्यांवर पुट्टी फिरवून ती उभी केली आहे. आता सेट रंगवणाऱ्या एका चित्रकारांना तिला चाळीस वर्षांचे वय द्यायचे आहे.

पातळ तपकिरी रंगाचा हात मारून तो ओल्या फडक्याने पुसायचा, दिव्याच्या बटनांभोवती बोटांचे डाग आणायचे, चुलीच्या वर काजळी धरवायची आणि जिथली तसबीर उतरवली असे कथेत आहे, तिथे मात्र मूळ रंगाचा स्वच्छ चौकोन राखायचा. हा चौकोन कॅमेऱ्यात येईलच असे नाही. तरी या चित्रकारांनी त्यासाठी अर्धा तास दिला.

त्यांचे बालपण शहराच्या पूर्व भागात, मागांच्या खडखडाटात गेले. जेकार्ड चादरीवरचा मोर मागावर उतरण्याआधी चौकटींच्या कागदावर उतरतो. एकेक घर रंगवून नक्षी बसवली जाते, त्या घरांबरहुकूम पुठ्ठ्यांना भोके पाडली जातात आणि त्यांप्रमाणे उभे धागे उचलले जातात. ही घरे भरता भरता त्यांचा हात बसला. पुढे सिनेमाचे फलक रंगवताना छोट्या छायाचित्रावर अशाच चौकटी आखून नायकाचा चेहरा वीस फुटांवर नेता आला आणि मुंबईत गेल्यावर, पाव इंचाला एक फूट धरून काढलेला सेटचा नकाशा त्यांना परका वाटला नाही.

ही वाट जुनी आहे. कोल्हापुरात बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवता रंगवता चित्रपटाकडे वळले. १९२९ मध्ये स्थापन झालेल्या प्रभात फिल्म कंपनीत कलादिग्दर्शन पाहणारे फत्तेलाल त्यांच्याच तालमीत तयार झाले होते. आपल्या पंढरपुरात १९१५ मध्ये जन्मलेल्या मकबूल फिदा हुसेन यांनीही मुंबईत सिनेमाचे फलक रंगवले. त्या दिवसांविषयी हल्ली कौतुकाने बोलले जाते, जणू खरे चित्र सुरू होईपर्यंतचा तो विरंगुळा होता. आमच्या मते तेही चित्रच होते.

चित्रपटाचा सेट काम संपताच मोडतो. मालिकेचे घर मात्र वर्षानुवर्षे उभे राहते. दिव्यांसाठी छत उघडे असलेल्या त्या घरात कालच्या प्रसंगातला पेला आजही त्याच कोनाड्यात हवा असतो, दिवाळीत लावलेले तोरण योग्य भागात उतरवावे लागते आणि भिंतीवरचे डाग पात्रांबरोबर वाढवावे लागतात. या चित्रकारांची बरीच वर्षे अशा घरांत गेली.

फ्लेक्समुळे फलकांचे काम बुडाले, मालिकांचे पैसे नव्वद दिवसांनी हाती येत आणि थिनरच्या वासाने जडलेला खोकला अजून गेलेला नाही.

शॉट तयार असल्याची हाक येते. ते कोरडे फडके फिरवून बाजूला होतात. नट भिंतीपुढे येऊन उभा राहतो. चौकोन नेमका त्याच्या डोक्यामागे आहे.